मला न आठवणारा गोल

रविवार, २३ जानेवारी १९६६

काल मी गोल केला म्हणे.

सकाळी दूधवाल्याने बाटल्या खाली ठेवून माझा हात दाबला. प्रार्थनेहून परतताना म्हाताऱ्या मिसेस ऑग्डेननी अडवलं. त्यांना फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नाही, पण त्यांनीही कौतुक केलं. मी हसलो. सकाळपासून नुसता हसतोय. गाल दुखायला लागलेत.

मला तो गोल आठवत नाही.

आठवतंय ते एवढं – ड्रेसिंगरूममध्ये मोजे चढवत होतो. सेथ, आमचा मालीशवाला, पोटऱ्यांना तेल चोळत होता. स्टँडच्या छपरावर फळ्या टाकून टीव्हीवाल्यांनी कॅमेरे चढवले होते, आणि आमची अर्धी टीम मान वर करून तिकडेच बघत होती. मग नाणेफेक. पाऊस. चेंडू पाणी पिऊन दगडासारखा झालेला.

त्यानंतर एकदम आमचं स्वयंपाकघर. एनिड चहा ओततेय. माझे केस ओले.

मधलं काही नाही. पूर्वीही डोक्याला लागलं की जरा धुकं यायचं, सगळ्यांनाच येतं. पण ते दोन-चार मिनिटांचं. अख्खी मॅच कधी गेली नव्हती.

दुपारी लेनकडे जमलो होतो. लेन डक्सबरी, आमचा गोलकीपर. त्याच्याकडे मोठा टीव्ही आहे. निम्मी टीम, बायका, पोरं, हॅमची सँडविचेस, कांद्याचं लोणचं. क्लेगशॉ गावाची टीम पहिल्यांदाच टीव्हीवर! बायका केस बांधून आल्या होत्या, जणू टीव्हीतून त्याच दिसणार आहेत.

मी बघितलं. पाच नंबरचा एक माणूस उंच उडाला आणि त्यांच्या फॉरवर्डच्या कपाळावर त्याचं कपाळ आदळलं. तो पडला. सेथ बादली घेऊन धावला, ओला स्पंज मानेवर पिळला. माणूस उठला. मग मध्यंतरानंतर कॉर्नर आला, आणि तोच माणूस सगळ्यांच्या वर चढला आणि डोक्याने चेंडू असा काही हाणला की जाळी फाटते की काय वाटलं. फार सुंदर गोल होता. मला तो माणूस आवडला.

खोलीत ओरडा झाला. माझ्या पाठीवर धपाटे.

मग तो पाच नंबर चालत चालत समोरच्या टीमच्या बाजूला गेला आणि तिथेच उभा राहिला. त्यांच्याकडे पाठ करून, स्वतःच्या गोलकडे तोंड करून, त्यांच्यातलाच एक असल्यासारखा. शेवटी त्यांच्याच एकाने त्याचे खांदे धरले, त्याला चालवत आमच्या बाजूला आणलं आणि सोडलं. टीव्हीवरचा माणूस माझं आडनाव घेऊन म्हणाला, एंटविसल आनंदाने वाट चुकले! सगळे खो खो हसले. मी सगळ्यांत जास्त.

एनिड हसली नाही. ती टीव्हीकडे बघतच नव्हती. माझ्याकडे बघत होती.


सोमवार, २४ जानेवारी

कपाची पुढची फेरी जाहीर झाली. लंडनची टीम, पहिल्या डिव्हिजनमधली, आणि मॅच आमच्याच मैदानावर. १२ फेब्रुवारी. टीव्ही परत येणार, म्हणे या वेळी गोलच्या मागेही एक कॅमेरा.

मॅनेजर क्रॅबट्री साहेबांनी सगळ्यांना उभं करून सांगितलं, केस कापून या, कॅमेऱ्यासमोर नाक खाजवू नका, थुंकू तर मुळीच नका. मग मला बाजूला घेतलं. टीव्हीवाल्यांनी माझं नाव घेऊन विचारलंय. अकरा वर्षं मी क्लेगशॉसाठी खेळतोय, आता कुठे बाहेरच्या कुणाला नाव कळलं. म्हणाले, कपात चांगला खेळलास तर मे महिन्यात करार संपला की अजून एक वर्ष मी मागून घेतो तुझ्यासाठी.

बचावातल्या बत्तीस वर्षांच्या सेंटर हाफला अजून एक वर्ष म्हणजे काय हे त्यांना माहीत आहे. मलाही. घर क्लबचं आहे. खेळणं संपलं की किल्ली परत.


बुधवार, २६ जानेवारी

सराव. दोरीला टांगलेल्या चेंडूवर डोकं मारायचं होतं. मान धरलीय म्हणून सांगितलं. सेथने मान दाबून बघितली.

परत येताना बसस्टॉपवर उभा होतो. बस आली. ही की पुढची? आमच्या रस्त्याला कुठली जाते? मला सुचेना. रोजची बस! कंडक्टर ओळखीचा, दाराशी लोंबकळत म्हणाला, "काय विल्फ, घर विसरलास की काय?" आणि हसला.

मी ती बस जाऊ दिली. चालत आलो. पावलांना रस्ता माहीत होता.

एनिडला सांगितलं, पाय मोकळे करायला चालत आलो.


शुक्रवार, २८ जानेवारी

सरावाच्या फाटकाशी आल्बर्ट व्हिटल उभा होता. तो रोजच असतो, पण आजवर मी त्याच्याकडे नीट बघितलं नव्हतं. आज बघितलं.

माझ्याआधी पाच नंबर त्याचा होता. मी पोरगा होतो तेव्हा त्याला बघायला कुंपणावर चढायचो. पन्नाशी नुकतीच ओलांडलीय त्याने. पण कोट उलटसुलट बटणं लावलेला, दाढी अर्धीच केलेली. येणाऱ्या-जाणाऱ्याला विचारतो, मॅच किती वाजता आहे? पोरं मुद्दाम खोटी वेळ सांगतात. गावात सगळे म्हणतात, बिअरने खाल्लं त्याला.

मला म्हणाला, "जिमी, बूट आणलेस का माझे?" मी विल्फ आहे म्हणालो. त्याने मान डोलावली. मग परत, "जिमी, बूट."

मी त्याला सिगारेट दिली. त्याने ती काडेपेटीवर घासली. सिगारेटच! दोनदा घासली, मग तिच्याकडे बघत राहिला.




रविवार, ३० जानेवारी

काल बाहेरगावी मॅच. बरोबरीत सुटली. चेंडू डोक्यावर फारसा आला नाही. सगळं आठवतंय. न्हाणीघरात बसून पहिल्यापासून शेवटपर्यंत उजळणी केली. आठवतंय!


मंगळवार, १ फेब्रुवारी

नेली व्हिटलकडे गेलो. आल्बर्टची बायको. काय सांगून जायचं ते ठरवलं नव्हतं. दार उघडल्यावर म्हणालो, सहज आलो. तिने चहा ठेवला, आल्याच्या केकचा तुकडा पुढे केला. आल्बर्ट खिडकीशी खुर्चीत बसला होता. मांडीवर टोपी. टोपीच्या काठावरून बोट फिरवत होता, गोल गोल.

मी बिअरचं काहीतरी बोललो. मूर्खासारखं. नेलीने कप खाली ठेवला.

"आल्बर्टने आयुष्यात अर्ध्या ग्लासावर दुसरा अर्धा घेतला नाही. पण लोकांना बिअर समजते रे. म्हणून मी त्यांना बिअरच म्हणू देते."

मग मी विचारलं, सुरुवात कशी झाली.

म्हणाली, दर शनिवारी घरी आला की तो अख्खी मॅच सांगायचा. लाथ अन् लाथ. ती स्वयंपाक करायची आणि नुसतं हं हं करायची, कंटाळायची अगदी. एका शनिवारी तो आला, जेवायला बसला, गप्प. तिला बरं वाटलं, आज सुटका. जेवण झाल्यावर त्याने विचारलं, नेली, कोण जिंकलं?

"मला वाटलं चेष्टा करतोय," ती म्हणाली. "मी म्हटलं, जा बाहेर आणि विचारून ये. आणि तो उठून गेला की रे खरंच, विचारायला."

आल्बर्ट खिडकीतून बाहेर बघत होता. आपल्याबद्दल बोलताहेत हे त्याला कळत होतं की नाही, देव जाणे.

मी उठलो. दारापर्यंत आली ती. माझी बाही धरली. "तू का विचारतोयस, पोरा?"

सहज, म्हणालो.

"एनिडला ठाऊक आहे?"

मी टोपी घातली आणि निघालो. मागे वळून बघण्याची हिंमत झाली नाही.


गुरुवार, ३ फेब्रुवारी

मँचेस्टरला डॉक्टरकडे. गावातल्या डॉक्टरकडे गेलो असतो तर संध्याकाळपर्यंत क्लबमध्ये बातमी. नाव ऑग्डेन सांगितलं, काम कापडगिरणीत.

त्यांनी डोळ्यांसमोर बोट फिरवलं, एका पायावर उभं केलं, गुडघ्यावर हातोडी मारली. काही शब्द सांगितले आणि लक्षात ठेवा म्हणाले. मग हवापाण्याच्या गप्पा मारल्या आणि एकदम शब्द विचारले. मला पूल आठवला. मांजर आठवलं. बाकीचे कुठे गेले कोण जाणे. 

त्यांनी कागदावर काही लिहिलं नाही. पेन बंद करून खिशात ठेवलं. विचारलं, गिरणीत डोक्यावर काय पडतं तुमच्या?

काही नाही म्हणालो.

"जे काही पडत असेल त्याच्याखाली परत उभे राहू नका. पुन्हा एक दणका बसला तर किती जाईल आणि काय परत येईल, मी सांगू शकत नाही. कुणीच सांगू शकत नाही."

मी कोट घातला. दाराशी पोचलो तेव्हा मागून म्हणाले, "रविवारी दुपारी मी टीव्ही बघतो, मिस्टर ऑग्डेन. गोल छान होता."

 टीव्हीने मला पकडून दिलं. अकरा वर्षं चिखलात लोळलो तेव्हा चेहरा कुणाला माहीत नव्हता!


शनिवार, ५ फेब्रुवारी

जांघ आखडली म्हणून सांगितलं. खेळलो नाही. साहेब म्हणाले, बारा तारखेला तंदुरुस्त पाहिजेस, आज बस निवांत. बेंचवर बसून बघितलं. आमचे लोक चेंडू डोक्यावर घेतात तेव्हा आवाज येतो. ओल्या लाकडावर ओलं लाकूड. खेळताना कधी ऐकला नव्हता.


सोमवार, ७ फेब्रुवारी

एनिड इस्त्री करत होती. आमची पोर जुडिथ शाळेत. इस्त्री न थांबवता तिने विचारलं, त्या दिवशी गोल झाल्यावर तू कुठे चालला होतास?

मी म्हणालो, कॅमेरा होता ना, जरा गंमत केली.

"तू मैदानावर गंमत करत नाहीस विल्फ," ती म्हणाली. "मी तुला तशी करताना एकदाही बघितलेलं नाही."

मग तिने माझा सदरा उलटा केला आणि दुसरी बाही घेतली. मी बोलेन म्हणून थांबली होती. मी पेपर उचलला. एकच ओळ कितीदा वाचली कोण जाणे.

सांगायला तोंड उघडलं की घर दिसतं. जुडिथची खोली दिसते, तिने भिंतीला चिकटवलेली घोड्यांची चित्रं. आणि दुसऱ्या बाजूला काडेपेटीवर घासलेली सिगारेट. दोन्हीकडे भीतीच. 


गुरुवार, १० फेब्रुवारी

गावात दुसरा विषय नाही. पावाच्या दुकानात खिडकीत आमच्या टीमचा फोटो. तिकिटांसाठी रांग मैदानाला वळसा घालून थेट कालव्यापर्यंत. साहेब म्हणाले, गोलमागच्या कॅमेऱ्यात पापणी लवली तरी दिसेल, तेव्हा घाबरल्यासारखे दिसू नका. सगळे हसले.

मी ठरवलंय. खेळणार. पण डोकं लावणार नाही. चेंडू आला की झुकायचं. पाय आहेत, छाती आहे. झुकायचं, बस.

हे लिहायला सोपं आहे. लहानपणापासून चेंडू वर दिसला की अंग आपोआप उडतं, त्याला विचारावं लागत नाही. आज परसात उभा राहून वाकून बघितलं. एनिड खिडकीतून बघतेय हे नंतर कळलं. मी बुटाची नाडी बांधल्यासारखं केलं.

आणि सगळा देश बघणार. बत्तीस वर्षांचा पाच नंबर, चेंडू बघून मान खाली घालतो! जुडिथच्या वर्गातली पोरं बघणार. मग मे महिन्याचं काही बोलायलाच नको.

पण झुकायचं.


शनिवार, १२ फेब्रुवारी, संध्याकाळ

झुकलो!

झुकलो मी. मला जमलं. लगेच लिहून ठेवतोय.

दुसऱ्या हाफमध्ये त्यांचा कॉर्नर. त्यांचा तो ताडमाड सेंटर फॉरवर्ड माझ्या अंगाला अंग लावून उभा. चेंडू वरून आला, तपकिरी, फिरत, मला त्याची शिवणसुद्धा दिसली. आणि मी मान खाली घातली. केसांवरून वारा गेला. मागे लेनने झेलला. बस, झालं! एवढंच होतं ते. जीव मुठीत धरून बसलो होतो इतके दिवस, आणि एवढंच!

हरलो, एक शून्य. गोल कसा बसला ते नीट लक्षात नाही, पण लंडनवाले आमच्यापेक्षा भारीच होते. कपाळावर सेथने पट्टी लावलीय. कुणाचं तरी कोपर लागलं असेल.

ड्रेसिंगरूममध्ये कुणी माझ्याकडे सरळ बघत नव्हतं. मी झुकलेलं सगळ्यांनी बघितलं, त्याची त्यांना माझ्यासाठी लाज वाटतेय, हे मला कळतं. लेन पार घरापर्यंत सोडायला आला, माझी बॅग त्याच्याच खांद्यावर. दारात एनिडशी हळू आवाजात काहीतरी बोलला. बोलू दे. भित्रा म्हणू दे. सगळ्या गावाने म्हणावं.

एनिड सारखी येऊन माझ्या खांद्यावर हात ठेवून जाते. तिलाही वाईट वाटतंय. उद्या तिला सांगीन की वाईट वाटण्यासारखं काही नाही. मी शाबूत आहे.

आज पहिल्यांदा भूक लागलीय.


रविवार, १३ फेब्रुवारी

टीव्ही घरीच बघितला. तिघंच. एनिड म्हणत होती नको लावूस. मी लावला. म्हटलं, जे लोकांनी बघितलं ते आपणही बघावं.

दुसऱ्या हाफमध्ये कॉर्नर. ताडमाड सेंटर फॉरवर्ड. चेंडू वरून आला.

मी झुकलो नाही.

मी उडालो. सगळ्यांच्या वर. डोक्याने चेंडू लांब हाणला आणि त्याच क्षणी त्याचं डोकं माझ्या डोक्यावर आदळलं. गोलमागच्या कॅमेऱ्यात सगळं दिसतं. मी पडताना हात पुढे केले नाहीत. पोतं पडतं तसा पडलो.

सेथ, बादली, स्पंज. कपाच्या मॅचमध्ये बदली खेळाडू नसतो, म्हणून मला उठवून कडेला विंगवर नेऊन उभं केलं. मी तिथे उभा राहिलो. खेळ दुसरीकडे चालला होता. गोल बसला तेव्हाही मी लोकांकडे तोंड करून उभा होतो. टीव्हीवरचा माणूस म्हणाला, एंटविसल – सिंहाचं काळीज!

जुडिथने विचारलं, "बाबा, तुम्ही तिकडे काय बघत होता?"

एनिडने उठून टीव्ही बंद केला.

केसांवरून गेलेला तो वारा अजून आठवतोय मला. चेंडूची शिवण आठवतेय. हे सगळं कुठून आलं मग?


सोमवार, १४ फेब्रुवारी

सकाळी क्रॅबट्री साहेबांकडे गेलो. रस्ताभर वाक्यं पाठ करत गेलो. म्हणालो, मी खेळणं थांबवतोय, आजपासून. डॉक्टरचं सांगितलं, आल्बर्टचं सांगितलं, घराची किल्ली मे महिन्यात देतो म्हणालो. सगळं बोललो.

त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग उठून कपाट उघडलं आणि माझे बूट टेबलावर ठेवले. चिखल वाळून पांढरा झालेला.

"शनिवारी मॅचनंतर तू इथे आलास, विल्फ. हेच सगळं बोललास आणि हे इथे ठेवून गेलास. मला वाटलं, डोक्याला लागलंय म्हणून बोलतोयस. म्हणून कुणाला सांगितलं नाही. म्हटलं, सोमवारी परत येऊन हेच म्हणालास तर खरं."

मी खुर्ची धरली. आणखी काही बोललो का मी, विचारलं.

त्यांनी खिडकीकडे बघितलं. "म्हणालास, मी विसरायच्या आत एनिडला सांगा. पण मी काही तिच्याकडे गेलो नाही. माफ कर मला."

घरी आलो. सोमवार म्हणजे धुण्याचा वार, एनिड मागच्या गल्लीत कपडे वाळत घालत होती. चादरीचं दुसरं टोक मी धरलं.

सांगितलं.